लव्हबर्ड पातळ शिटतंय? औषधाआधी ट्रेमधला कागद बघा

सांगलीत आमच्या भागात कुणाकडे पाखरू आजारी पडलं की पिंजऱ्याच्या ट्रेचा फोटो माझ्या मोबाइलवर येतो. सोबतचा मजकूर ठरलेला: "काकू, लई पातळ करतंय ओ, काय औषध देऊ?" बऱ्याचदा त्या फोटोत हगवण नसतेच. शिटेतलं पाणी वाढलेलं असतं आणि पोट व्यवस्थित असतं. पण तोवर कुणीतरी दुकानातून पिवळी पावडर आणून पाण्यात कालवलेली असते, आणि साध्या गोष्टीचा खरा आजार होतो. म्हणून सगळं एकदाच सविस्तर लिहून ठेवते.

हे बजरीगारसाठी आहे. आपल्याकडे दुकानांत लव्हबर्ड म्हणून जोडीने विकतात ती निळी, हिरवी, पिवळी ऑस्ट्रेलियन पाखरं. कॉकेटिल, म्हणजे डोक्यावर तुरा असलेला छोटा पोपट, त्यालाही यातलं बरंचसं लागू पडतं. देशी पोपट, म्हणजे राघू, पिंजऱ्यात ठेवणं हा वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ नुसार गुन्हा आहे. जखमी राघू सापडला तर वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवा.

कागदावर काय दिसतं

- मधे घट्ट हिरवी गुंडाळी, तिच्यावर पांढरं, आणि भोवती पाण्याचं मोठं ओलं वर्तुळ.
- गुंडाळीच नाही, हिरवट लगदा पसरलेला. खरी हगवण ही.
- पांढरा भाग पांढरा न राहता पिवळा किंवा पोपटी झालेला.
- शिटेत अख्खे, न पचलेले दाणे.
- शिटेचे ठिपके एकदम कमी झालेले, आहेत तेही बारीक आणि गडद हिरवे, जवळजवळ काळे.
- नेहमीपेक्षा कितीतरी मोठी, वास मारणारी शिट.
- लाल रंग, किंवा काळीकुट्ट चिकट शिट.
- शेपटीखालची पिसं ओली, घाण, किंवा तिथे वाळलेला गोळा चिकटलेला.

यांपैकी कागदावर काहीही असो, त्याआधी पाखराकडे नजर टाका. पिसं फुगवून, डोळे अर्धे मिटून बसलंय का? दांडीवरून उतरून पिंजऱ्याच्या तळाशी बसलंय का? श्वास घेताना शेपूट खालीवर होतंय का? शिटायला जोर करतंय पण काही येत नाही, असं आहे का? रक्त दिसतंय का? असं एक जरी दिसलं तरी घरच्या तपासण्या करत बसू नका. थेट शेवटच्या भागाकडे जा आणि डॉक्टरांना फोन लावा. तीस-चाळीस ग्रॅमच्या जिवाकडे साठा फार नसतो. शिवाय पक्षी आजार लपवतात, कारण रानात अशक्त दिसलेलं पाखरू आधी शिकार होतं. त्यामुळे आपल्याला ते आजारी दिसतं तोवर आजार बराच पुढे गेलेला असतो.

पाखरू टुणटुणीत आहे, खातंय, कलकल करतंय, आणि फक्त कागद बिघडलाय, तर मात्र पुढच्या क्रमाने जा. फुकटातलं आणि सोपं आधी, अवघड नंतर.

नीट शिट कशी असते

शिटेत तीन गोष्टी असतात आणि तिन्ही एकाच जागेतून बाहेर येतात. घट्ट भाग आतड्यातला: दाण्यावर असलेल्या पाखराचा हिरवट, पेलेट, म्हणजे विकतच्या तयार खाद्याच्या गोळ्या, खाणाऱ्याचा तपकिरी. पांढरा भाग म्हणजे युरेट. आपल्या लघवीतून युरियाच्या रूपात जो कचरा जातो, तो पक्षी युरिक ॲसिडच्या रूपात, खडूच्या पेस्टसारखा पांढरा, टाकतात. तिसरं म्हणजे नितळ पाणी, मूत्र. बजरीगार मूळचा ऑस्ट्रेलियाच्या आतल्या कोरड्या भागातला. त्याचं शरीर पाणी राखून वापरतं, म्हणून त्याच्या शिटेत पाणी अगदी थोडं दिसतं आणि ठिपका लवकर वाळतो. वासही जवळजवळ नसतो.

दिवसातून पंचवीस ते पन्नास ठिपके हे सामान्य आहे. माणसाच्या हिशेबाने हे फार वाटतं आणि नवीन पाळणारे घाबरतात. सकाळचा पहिला ठिपका रात्रभर धरलेला असतो, तो मोठाच असणार.

कागद वाचायचा तो या तिन्हींपैकी काय बदललं ते ओळखण्यासाठी. पाणी वाढलं असेल तर कारण बहुतेक खाणं, ऊन, भीती किंवा मूत्रपिंड. घट्ट भागच विस्कटला असेल तर आतडं. पांढऱ्याचा रंग बदलला असेल तर यकृताकडे संशय. या तीन वेगळ्या वाटा आहेत. तिन्हीला 'लूज मोशन' म्हणून एकच औषध देणं हेच सगळ्या घोटाळ्याचं मूळ आहे.

१. कागद बदला आणि उजेडात ठेवा

खर्च शून्य. ट्रेमधली वाळू, भुसा, जुनं वर्तमानपत्र काढून साधा पांढरा कागद घाला. छापील कागदावर आणि भुशात पाणी मुरतं, मग मूत्र किती होतं ते कळत नाही. पांढऱ्या कागदावर ओलं वर्तुळ स्पष्ट उमटतं. कागद रोज सकाळी एकाच वेळी बदला, जुन्याचा फोटो काढून तारीख टाका. फेकायची घाई नको.

निर्णय फक्त ताज्या ठिपक्यावरून करा. शिट तासन् तास पडून राहिली की हिरवा रंग झिरपून पांढऱ्यात उतरतो, आणि युरेट पोपटी झालेत असा भास होतो. मला येणाऱ्या 'यकृताच्या' फोटोंपैकी कितीतरी असे शिळ्या ठिपक्यांचे असतात. समोर बसा, पाखरू शिटलं की लगेच बघा. दर पंधरा-वीस मिनिटांनी संधी मिळते, फार थांबावं लागत नाही.

२. घाबरलं होतं का?

कालच बाजारातून आणलंय, पिंजऱ्याची जागा बदलली, खिडकीत मांजर येऊन बसतंय, गल्लीत गणपतीचे ढोल आणि स्पीकर चालू आहेत, दिवाळीचे फटाके फुटताहेत: या दिवसांत पातळ शिट व्हायचीच. त्याचं कारण शरीराच्या रचनेत आहे. पक्ष्यांना मूत्राशय नसतं. मूत्रपिंडाकडून आलेलं पाणी आतड्याच्या शेवटच्या भागात उलटं ढकललं जातं आणि तिथून बरंचसं पुन्हा शरीरात शोषलं जातं. पाखरू भेदरलं की शोषून घ्यायला वेळच न मिळता सगळं बाहेर पडतं. म्हणून पाणी भरपूर, पण मधली गुंडाळी शाबूत.

उपाय इतकाच, की पिंजऱ्याची एक बाजू भिंतीला लावा, वरून पातळ चादर अर्धी टाका आणि त्याला एकटं सोडा. काही तासांत कागद सुधारला पाहिजे. नव्या पाखराला दोन-तीन दिवस द्या, पण ते खातंय याची खात्री करून.

३. काल काय खाऊ घातलं?

काकडी, कलिंगड, द्राक्षं, पालक, कोथिंबीर यांत पाणीच पाणी असतं, ते शिटेत दिसणारच. बीट दिलं की लाल ठिपके पडतात आणि लोक रक्त समजून फोन करतात. गाजर, डाळिंब, पाण्यात टाकलेले रंगीत व्हिटॅमिनचे थेंब, सगळेच रंग देतात. पाखराचं पचन भराभर चालतं, सकाळचं बीट दुपारपर्यंत कागदावर आलेलं असतं.

तपासायची पद्धत सोपी आहे. एक दिवस फक्त कोरडा दाणा आणि स्वच्छ पाणी द्या, बाकी काही नाही. दुसऱ्या दिवशी कागद कोरडा पडला तर कारण सापडलं. मग भाजी कायमची बंद करू नका, तिची त्यांना गरज असते. थोडी द्या, सकाळी द्या, आणि उरलेली दुपारी काढून घ्या.

द्राक्षांबद्दल वेगळं सांगायलाच हवं, कारण आपला भाग तासगावचा. हंगामात प्रत्येक घरात पेटी असते आणि कुणीतरी प्रेमाने अख्खा मणी पाखराच्या चोचीशी धरतं. बागेत फवारण्या किती होतात ते आपल्या सगळ्यांनाच ठाऊक आहे. माणसाला न जाणवणारा अंश एवढ्याशा जिवाला बाधू शकतो. द्यायचंच असेल तर पाण्यात भिजत ठेवून, चोळून धुऊन, साल काढून, अर्धा मणी. बेदाणा देऊ नका, त्यात साखर एकवटलेली असते. आणि फरसाण, पापड, वेफर, खारी बिस्किटं तर अजिबात नकोत. मिठाने तहान वाढते, शिट पाण्यासारखी होते आणि बोजा मूत्रपिंडावर पडतो. ॲव्होकॅडो आणि चॉकलेट हे बजरीगारसाठी विषच.

४. वाटी फुंका

ही तपासणी सगळ्यांत साधी आणि सगळ्यांत जास्त चुकणारी. ठिपके कमी झालेत, बारीक झालेत, गडद हिरवे झालेत आणि वाटी तर भरलेली दिसते, अशी तक्रार आली की मी पहिल्यांदा सांगते, वाटी हातात घ्या आणि फुंकर मारा. बजरीगार दाणा सोलून खातो आणि फोलपट वाटीतच टाकतो. वरून वाटी काठोकाठ दिसते, आत नुसती टरफलं. घरातली माणसं म्हणतात, 'भरपूर आहे की', आणि पाखरू उपाशी. पोटात काही नसलं की आतड्यात नुसतं पित्त उतरतं, म्हणून तो गडद हिरवा ठिपका. दाणा घातल्यावर संध्याकाळपर्यंत कागद पूर्ववत होतो.

रोज सकाळी वाटी फुंका किंवा दाणे सुपात पाखडा. दोनपेक्षा जास्त पाखरं एका पिंजऱ्यात असतील तर दोन वाट्या दोन टोकांना लावा. दांडगं पाखरू वाटी अडवून बसतं आणि गरीब पाखरू मागे राहतं.

वाटी खरंच भरलेली आहे, पाखरू दाणे चोचीत घेतंय, सोलतंयही, पण कागद तसाच, तर मात्र गोष्ट वेगळी. आजारी पाखरू खाण्याचं नाटक करतं. दाणे चघळून टाकतं, गिळत नाही. ठिपक्यांची संख्या हा पुरावा खोटं बोलत नाही, वाटीशेजारी बसलेलं पाखरू बोलू शकतं.

५. दाण्याचा वास घ्या

राळे, बाजरी, वरई, ज्वारी, जे काही मिश्रण असेल ते मूठभर हातात घेऊन चोळा आणि वास घ्या. कुबट वास, जाळी, टोके, हाताला लागणारी करडी भुकटी, यांपैकी काहीही असलं तर सगळा दाणा टाकून द्या. उन्हात वाळवून पुन्हा वापरू नका. बुरशी झटकली तरी तिचं विष दाण्यात राहतं, आणि ते यकृतावर बसतं. साताऱ्याकडच्या लोकांना हे जास्त सोसावं लागतं. जावळी-महाबळेश्वरच्या बाजूला पावसाळ्यात डबा उघडा राहिला तर दाणा चार दिवसांत दमट होतो. पावसाळ्यात दाणा थोडा थोडा आणा, घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवा.

दाणा जिवंत आहे का हे बघायचं असेल तर चिमूटभर ओल्या फडक्यात बांधून ठेवा. तीन-चार दिवसांत बहुतेक दाण्यांना मोड आले तर माल ताजा. भोगीला राळ्याचा भात करायला आपण जे राळे आणतो ते टरफलासकट असतील तर पाखरांना उत्तम. किराणा दुकानातले राळे पाखरांच्या दुकानातल्या पाकिटापेक्षा बरेचदा ताजे असतात.

६. पाणी

वाटीच्या आतून बोट फिरवा. बुळबुळीत लागलं तर जंतूंचा थर बसलाय. नुसतं पाणी ओतून नवं भरल्याने तो जात नाही, घासावा लागतो. दिवसातून दोनदा पाणी बदला, उन्हाळ्यात तीनदा. दांडी पाण्याच्या वाटीवर येत असेल तर पाखरू शिटतं तेच पितं, आणि मग कितीही औषध दिलं तरी हगवण परत येते. दांडी हलवा.

एप्रिल-मे मध्ये सांगलीत पारा चाळिशीला टेकतो तेव्हा पाखरू जास्त पितं आणि कागद ओला होतो. तो आजार नव्हे. चोच उघडी ठेवून, पंख अंगापासून लांब धरून बसलं असेल तर पिंजरा गार जागी न्या.

२०१९ आणि २०२१ च्या महापुरानंतर नळाला गढूळ पाणी येत होतं तेव्हा पाखरांची पोटं बिघडल्याचे फोन वाढले होते. दरवर्षी कृष्णेचं पाणी गढूळ झालं की मी पाखरांचं पाणी उकळून गार करून देते, आणि तुम्हीही तेच करा.

ऊन नाही, भाजी नाही, मीठ नाही, भीती नाही, आणि तरी पाखरू सारखं पितंय? मग मोजा. निरोगी बजरीगार दिवसाला साधारण एक छोटा चमचा पाणी किंवा त्याहून कमी पितो. सुईशिवायच्या सिरिंजने मोजून पाणी घाला आणि दुसऱ्या दिवशी किती उरलं ते पाहा. दोन-तीन दिवस ओळीने बरंच जास्त पीत असेल तर मूत्रपिंड किंवा मधुमेहाची शंका, आणि ती घरी सुटत नाही.

पाण्यात औषध कालवणं तर पूर्ण बंद करा. आजारी पाखरू कमी पितं, म्हणजे डोस पोचत नाही. पाणी कडू लागलं तर पितच नाही, म्हणजे तहानेने आणखी खंगतं. टेट्रासायक्लिनसारखी औषधं कॅल्शियमला चिकटून निकामी होतात, आणि पिंजऱ्यात कॅल्शियमसाठी समुद्रफेस टांगलेला असतोच. अर्धवट डोसने जंतू मरत नाहीत, औषधाला सरावतात. पुढे डॉक्टरांच्या हातातलं तेच औषध लागू पडत नाही.

७. ठिपके कुठे पडलेत?

ठिपक्यांच्या रंगाइतकीच त्यांची जागा बोलते, आणि याकडे फार कमी लोक बघतात. पाखरू झोपतं त्या दांडीखाली रात्रीचा एक ढीग असतो, तो ठीक. दिवसाचे ठिपके मात्र पिंजराभर विखुरलेले हवेत: वाटीजवळ, झोपाळ्याखाली, दाराशी. दिवसाचाही सगळा ढीग एकाच ठिकाणी पडायला लागला तर पाखरू जागचं हलत नाही असा अर्थ. तुम्ही ऑफिसात असता तेव्हा ते काय करतं ते हा कागद सांगतो. तुम्ही आल्यावर ते उसनं बळ आणून उड्या मारतं, म्हणून नुसतं बघून कळत नाही. सकाळी निघताना नवीन कागद घाला आणि संध्याकाळी आल्या आल्या बघा.

खोलीत मोकळं सोडणारे विचारतात, शिटायची सवय लावता येते का. बजरीगारला मोठ्या पोपटांसारखी शिस्त लागत नाही, तो फार वेळा शिटतो. पण झोपेतून उठल्यावर आणि उडायच्या आधी तो बहुधा शिटतोच. तेव्हा पिंजऱ्यातून काढण्याआधी दांडीवर दोन मिनिटं थांबू द्या, निम्मा त्रास वाचतो. धरून ठेवायला शिकवू नका, ते त्याच्या अंगाला बरं नाही.

८. मादी अंडी घालायच्या मडक्यात आहे का?

नाकावरचा भाग तपकिरी, खरखरीत झालेली मादी विणीला आलेली असते. अंडी उबवताना ती मडक्यात घाण करत नाही, तासन् तास धरून ठेवते आणि बाहेर आल्यावर एकदम भलीमोठी, घाण वासाची शिट टाकते. हे पूर्ण नैसर्गिक आहे.

पण मोठी शिट, मग काहीच नाही, तळाशी बसणं, शेपूट हलवत जोर करणं असं दिसलं तर अंडं अडकलंय. ही तातडीची वेळ आहे, हातात काही तासच असतात. पोट दाबू नका, तेल घालू नका, अंडं आत फुटलं तर मादी जाते. ऊब द्या आणि निघा. समुद्रफेस पिंजऱ्यात कायम असला, आणि मादीला वर्षभर मडकं देऊन एकामागून एक विणी घेतल्या नाहीत, तर ही वेळ सहसा येत नाही. विण संपली की मडकं काढून ठेवा.

९. हातात घ्या, तोला

आता थोडं अवघड. खोलीत अंधार करून पाखरू हळूच धरा. मान दोन बोटांच्या मधे, पाठ तळहाताला. छातीवर बोटांचा दाब अजिबात नको. पक्ष्यांना आपल्यासारखा छाती-पोटामधला श्वासाचा पडदा नसतो, छाती हलली तरच श्वास चालतो. घट्ट धरलेलं पाखरू हातात गुदमरतं.

शेपटीखाली बघा. वाळलेला गोळा असेल तर कोमट पाण्याच्या कापसाने भिजवा, मऊ झाल्यावर पुसा. कोरडा ओढलात तर कातडी निघते. वाट बंद झाली तर पाखरू शिटू शकत नाही, म्हणून हे लगेच करायचं. पण गोळा पुन्हा जमला तर मूळ कारण आत आहे.

मग छातीचं मधलं हाड चाचपा. दोन्ही बाजूंना मांस भरलेलं हवं. हाड सुरीच्या पात्यासारखं हाताला लागलं तर पाखरू बऱ्याच दिवसांपासून खंगतंय. फुगलेल्या पिसांखाली हे डोळ्यांना दिसत नाही, म्हणून वजन करायचं. स्वयंपाकघरातला ग्रॅममध्ये मोजणारा काटा पुरतो. झाकणाला भोकं असलेला प्लॅस्टिकचा डबा ठेवून काटा शून्यावर आणा, पाखरू आत ठेवा. रोज सकाळी, खाण्याआधी. पस्तीस ग्रॅमचं पाखरू साडेतीन ग्रॅमने उतरलं तर दहा टक्के गेले. पन्नास किलोच्या माणसाचे ते पाच किलो होतात. इथे थांबायचं आणि डॉक्टर गाठायचे, कागद कसाही असो.

१०. वेगळं काढा, ऊब द्या

एकापेक्षा जास्त पाखरं असतील तर कागदावरून कोण आजारी ते कळणार नाही. एकेकाला छोट्या पिंजऱ्यात वेगळं ठेवा. आजारी सापडलं की त्याला ऊब लागते, कारण एवढंसं शरीर अंग गरम ठेवण्यातच सगळी ताकद खर्च करतं. पिंजऱ्याच्या बाहेरून एका बाजूला साधा पिवळा बल्ब लावा, चाळीस-साठ वॅटचा. दुसरी बाजू गार राहू द्या, म्हणजे त्याला हवं तिथे ते बसेल. आतली हवा तीस अंशांच्या आसपास पुरे. चोच उघडून धापा टाकायला लागलं तर बल्ब लांब करा. वैशाखात सांगलीत बल्बची गरजच नाही.

ऊब हा आधार आहे, उपचार नव्हे. डॉक्टरांपर्यंत पोचायला वेळ मिळावा म्हणून ती द्यायची.

इथे थांबा

अख्खे दाणे शिटेत दिसतात, पाखरू सारखं खातं तरी वाळत जातं, मधेच ओकतं, ही बजरीगारमध्ये नेहमी आढळणाऱ्या पोटाच्या बुरशीची खूण असू शकते. मॅक्रोरॅब्डस तिचं नाव, पूर्वी तिला मेगाबॅक्टेरिया म्हणत. ती जंतू नाही, बुरशी आहे, त्यामुळे दुकानातलं कुठलंही अँटिबायोटिक तिला लागू पडत नाही, उलट बिघाड वाढतो. ताजी शिट सूक्ष्मदर्शकाखाली बघितल्याशिवाय हे ओळखता येत नाही. जिआर्डियासारख्या परजीवींचंही तसंच. घरच्या तपासण्यांची हद्द इथे संपते.

ताजे युरेट खरोखर पिवळे-पोपटी असतील, नाकाडोळ्यांतून पाणी येत असेल, तर सिटॅकोसिसची शक्यता धरून वागा. हा आजार पाखराकडून माणसाला होतो, वाळलेल्या शिटेची धूळ श्वासात गेल्याने. ट्रे कोरडा झाडू नका, आधी पाणी शिंपडा, तोंडाला मास्क बांधा, नंतर हात साबणाने धुवा. घरात कुणाला ताप, डोकेदुखी, कोरडा खोकला असेल तर आपल्या डॉक्टरांना 'घरात पाखरं आहेत' हे वाक्य आवर्जून सांगा. ते विचारत नाहीत, आणि न्यूमोनियाचं कारण मग लवकर सापडत नाही. गरोदर बाई किंवा म्हातारं माणूस घरात असेल तर पिंजरा दुसऱ्याने साफ करावा.

रक्त, काळीकुट्ट शिट, चोवीस तासांत न सुधारलेली खरी हगवण, वजनातली घट, अडकलेलं अंडं, सतत ओकणं: यांना घरात उत्तर नाही. हळद, लसूण, ताक, ओआरएस, लहान मुलांचं औषध यांतलं काहीही चोचीत ओतू नका. जबरदस्तीने पाजलेला थेंब श्वासनलिकेत जातो.

आपल्याकडचे बहुतेक पशुवैद्यक गाई-म्हशी, शेळ्या, कोंबड्या बघतात, पिंजऱ्यातली पाखरं सगळेच बघत नाहीत. त्यामुळे आधी फोन करून विचारा, 'लव्हबर्ड बघता का, शिटेची तपासणी करता का.' सातारा जिल्ह्यात शिरवळला क्रांतिसिंह नाना पाटील पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. साताऱ्याहून ते हायवेलाच पडतं, सांगलीहून लांब आहे, पण अवघड प्रकरणाला जाण्यासारखं. सांगली आणि सातारा, दोन्ही ठिकाणी जिल्ह्याचा सरकारी पशुवैद्यकीय दवाखाना आहे, पुढे कुणाकडे न्यायचं ते तिथे तरी नक्की विचारता येतं.

जाताना पिंजरा धुऊन चकाचक करू नका. लोक लाजेने तेच करतात आणि डॉक्टरांना बघायला काही उरत नाही. निघायच्या सकाळचा कागद प्लॅस्टिकच्या पातळ पिशवीत, ठिपके पुसले जाणार नाहीत असा न्या. आदल्या दिवसांचे फोटो, वजनाचा कागद, वाटीतला मूठभर दाणा आणि आधी काही पाजलं असेल तर त्याचं पाकीट सोबत घ्या. पाजल्याचं लपवू नका, त्यावर पुढचं औषध ठरतं.

प्रवास सकाळी गारव्यात करा, पिंजऱ्यावर कापड टाका, पाण्याची वाटी काढून घ्या आणि वाटेत थांबून पाणी दाखवा. दवाखान्यात पोचल्यावर पाखरू शिटेल ती शिट घाबरल्यामुळे पातळच असेल. डॉक्टर तिच्याकडे बघायला लागले तर घरचा कागद पुढे करा, आणि हा शांत बसलेलं असतानाचा, एवढं त्यांना सांगा.